गलाईवाल्याची झडती

आकारामआबांचा जगात कुणावर विश्वास नव्हता, आणि त्याबद्दल त्यांना कुणी नावंही ठेवत नव्हतं. धंदाच तसा होता.

विट्याकडच्या गावांतून पिढ्यान्‌पिढ्या माणसं परमुलखात जातात, तिथल्या सराफकट्ट्यात एखादी अंधारी खोली धरतात आणि मोडीचं सोनं वितळवून शुद्ध करून देतात. याला गलाई म्हणतात. आबा मिसरूड फुटायच्या आत मामाबरोबर केरळात त्रिशूरला गेले ते डोकं पांढरं झाल्यावरच परतले. उभी हयात भट्टीपुढं गेली. आम्लाच्या वाफेनं छातीत खोकला कायमचा बसला आणि गिऱ्हाइकांच्या थापांनी डोक्यात संशय. आजीची शेवटची आठवण म्हणून कुणी बांगडी पुढं केली आणि डोळ्यांत पाणी आणलं, की आबा ती बांगडी दोनदा घासून बघत. "रडणाऱ्याचं सोनं आधी घासावं," असं ते म्हणत. कसोटीचा काळा दगड बंडीच्या आतल्या खिशात कायम असायचा. लग्नाला निघाले तरी असायचा.

दुकानात रोज संध्याकाळी झडती व्हायची. प्रत्येक गड्यानं दाराशी उभं राहायचं, खिसे उलटे करायचे, दोन्ही हात पसरायचे, आणि आबांनी त्याचे कपडे झटकायचे. मग परातीत हात धुवायचे. ते पाणी, झटकलेली धूळ, दिवसभराचा केर, सगळं पिंपात साठवलं जाई, कारण गलाईवाल्याच्या केरातही सोनं असतं. सख्खा भाचा कामाला होता, त्यालाही झडती चुकली नाही. शाळेच्या सुट्टीत त्रिशूरला गेलेली क्रांती, आबांची मुलगी, उंबऱ्यावर बसून हे बघायची. एकदा तीही रांगेत जाऊन हात पसरून उभी राहिली. गडी हसले. आबांनी मात्र गंभीर चेहऱ्यानं तिचा फ्रॉक झटकला.

"आबा, तुमची झडती कोण घेतं?" तिनं विचारलं.

"मालकाची झडती नसती, बाळ," आबा म्हणाले.

ती क्रांती आता इटलीत होती. पुण्यात चित्रकला शिकली, मग जुनी चित्रं दुरुस्त करायचं काहीतरी शिकली आणि ते शिकता शिकता फ्लॉरेन्सला पोचली. तिथल्या एका कार्यशाळेत जुन्या देवाच्या चित्रांवरचं, चौकटींवरचं सोनं नीट करायचं काम ती करत होती. गावात कुणी विचारलं की राहीबाई, तिची आई, अभिमानानं सांगायच्या, "सोन्याचंच काम करती, बापावानी." आबांना हे ऐकवत नसे. परदेशातले लोक आपल्या पोरीच्या हातात सोनं कशाला देतील? दिलं तर का दिलं? आणि उद्या तोळा-मासा कमी भरला तर आळ कुणावर येणार? धंद्यातली गोष्ट होती ही. सोनं घटलं की सगळ्यात नव्या आणि सगळ्यात परक्या माणसाकडंच बोट जातं.

त्यातच आष्ट्याच्या हंबीररावांकडून क्रांतीला मागणी आली. मुलगा शिवतेज चांगला शिकलेला, घर भरलेलं, माणसं अब्रूदार. आबांनी या स्थळाची चौकशी इतक्या ठिकाणी केली होती की शेवटी हंबीरराव स्वतःच म्हणाले, आता पोलीस पाटलाचा दाखला आणू का? आबांना त्यांचं हे बोलणंही आवडलं. होकार द्यायचा तेवढा राहिला होता, आणि तो क्रांती देत नव्हती. तिची कार्यशाळा तिला कायमची जागा देणार होती. निर्णय थोड्याच दिवसांत व्हायचा होता.

फोनवर बापलेकीचं वाजलं. शेवटी क्रांतीच म्हणाली, "आबा, तुमी हितं या. माझं काम डोळ्यानं बघा. खोटं वाटलं तर मी तुमच्यासंगं गावाला येते, आष्ट्याला हो म्हणते. खरं वाटलं तर मला हितं राहू द्यायचं आन परत इषय काढायचा न्हाई. कबूल?"

पारख करून निकाल द्यायचा म्हटल्यावर आबा कशाला नाही म्हणतील? थोरल्या मुलानं, शंभूराजनं, तासगावच्या बेदाण्याच्या शेडवरची घाई सोडून त्यांचे पासपोर्ट-व्हिसाचे कागद केले. राहीबाईंनी भडंग आणि तिळाची चटणी बांधून दिली, आणि सोन्याचा कस बघायची आम्लाची बाटली बॅगेतून काढून घेतली. "विमानात बाटली न्हेऊ देत न्हाईत," त्या म्हणाल्या.

"मग दगुड तरी ऱ्हाऊ दे."

"दगुड ऱ्हाऊ दे. पर आवं, पोरीला घिऊन या. लय लांब गेली."

"बघतो, पारखतो आन घिऊन येतो," आबांनी शब्द दिला.

विमानतळावर तपासणी करणाऱ्या बाईनं तो काळा दगड हातात घेऊन उलटापालटा केला आणि हे काय म्हणून विचारलं. आबा म्हणाले, "दगुड." तिनं परत विचारलं. आबांनी परत तेच सांगितलं. ती एवढ्या बारकाईनं विचारते म्हणजे तिला दगडाची किंमत कळलेली दिसते, असं वाटून त्यांनी पुढचा सगळा प्रवास हात छातीवर ठेवून केला.

क्रांती रोमला घ्यायला आली होती. आधी रोम दाखवू, मग फ्लॉरेन्सला माझं काम, असा तिचा बेत होता. बाप एवढ्या लांब आलाय तर चार गोष्टी बघू दे, असं तिला वाटलं, आणि बापाला वाटलं, ही आपल्याला आधी दिपवून टाकणार, मग माल दाखवणार. सगळे दुकानदार हेच करतात.

त्यामुळं आबा काही दिपले नाहीत. देवळात शिरले की ते आधी खांब वाजवून बघत. बोटाच्या पेरानं टकटक. कित्येक ठिकाणी संगमरवराचा दिसणारा खांब विटांचा निघे, वरून गिलावा आणि त्यावर संगमरवराच्या शिरा रंगवलेल्या. "ह्ये बघ," ते क्रांतीला हाक मारून दाखवत. एका भल्याथोरल्या जुन्या देवळाच्या घुमटाला वर मधोमध गोल भोक होतं. तिथून ऊन खाली येत होतं. दोन हजार वर्षांपूर्वीच्या लोकांनी मुद्दाम ठेवलंय ते, क्रांती सांगू लागली. आबा बराच वेळ मान वर करून उभे राहिले आणि म्हणाले, "टोकाला आल्यावर माल सपला आसंल. मग म्हनायचं, मुद्दाम ठेवलंय."

क्रांती हसली. तिला आधीपासून माहीत होतं की बाप असाच बोलणार. पण सेंट इग्नाशियसच्या चर्चमध्ये मात्र तिला हसता आलं नाही, कारण तिथं आबांना खरंच चोरी सापडली. आत मध्यभागी मोठा घुमट दिसत होता, खोल, अंधारा, आतून कमानी आणि खिडक्या असलेला. आबा त्याच्याकडं बघत बघत पुढं चालले आणि चालता चालता घुमट वाकडा झाला. अजून दोन पावलं टाकली तर पार कलंडला. ते थबकले, मागं आले, परत पुढं गेले.

"क्रांते! घुमटच न्हाई! सपाट छत हाय ह्ये. नुसतं रंगवलंय!"

आवाज घुमला. बाकावर प्रार्थनेला बसलेली माणसं वळून बघायला लागली. क्रांतीनं त्यांचा हात धरला आणि हळूच जमिनीकडं बोट दाखवलं. फरशीत एक गोल खूण बसवलेली होती. "त्यास्नी म्हाईत हाय, आबा. घुमट बांधायचं जमलं न्हाई म्हणून रंगवला. आन कुठं हुबं ऱ्हायलं की खरा वाटतो, त्या जागंवर त्यांनी सोताच खूण केलीया."

आबा त्या खुणेवर जाऊन उभे राहिले. घुमट पुन्हा सरळ झाला. फसवायचं आणि कुठं उभं राहिल्यावर फसशील तेही सांगायचं, हा कुठला धंदा? असा ठग त्यांना उभ्या जन्मात भेटला नव्हता, आणि त्यामुळं त्यांचा संशय कमी व्हायच्या ऐवजी वाढला. उघडपणे एवढं करतात, तर झाकून किती करत असतील?

फ्लॉरेन्सला आल्यावर तर पुरावाच पुरावा मिळाला. मोठ्या चौकात उभा असलेला जगप्रसिद्ध पुतळा नक्कल निघाला, अस्सल दुसरीकडं ठेवलेला. देवळापुढच्या इमारतीचं सोनेरी दार, ज्याचे फोटो काढायला झुंबड उडाली होती, तेही नक्कल. "घुमट खोटा, पुतळा खोटा, दार खोटं," आबा बोटांवर मोजत म्हणाले. "आन आमची पोरगी म्हनती, माझं काम तेवढं खरं."

"चला, खरं दार दाखवते," क्रांती म्हणाली. आता तिच्या आवाजात जरा धार आली होती.

संग्रहालयात काचेच्या आड ते अस्सल दार होतं. सहाशे वर्षांपूर्वीच्या कारागिरानं पितळेसारख्या धातूत माणसं, झाडं, घोडे ओतलेले, वर सोनं चढवलेलं. हे सोनं कसं चढवलं, क्रांतीला सांगावं लागलं नाही. पाऱ्यात सोनं कालवायचं, लेप द्यायचा आणि विस्तवावर पारा उडवायचा. आबांच्या मामानं असंच काम केलं होतं आणि पाऱ्याच्या वाफेनं शेवटी त्याला हातात पाण्याचा तांब्या धरता येत नव्हता. आबा त्या दारापुढं उभेच राहिले. किती जणांनी ती वाफ घेतली असेल, त्यांच्या बायकांनी त्यांना कसं पाणी पाजलं असेल, असले विचार त्यांच्या मनात आले आणि त्यांना फार वाईट वाटलं. त्या दाराला त्यांनी खोटं म्हटलं नाही. क्रांतीला वाटलं, आता जमलं.

दुसऱ्या दिवशी ती त्यांना कार्यशाळेत घेऊन गेली.

उंच खिडक्यांची लांब खोली होती. जागोजाग लाकडी फळ्यांवरची जुनी चित्रं आडवी ठेवलेली आणि त्यांच्यावर माणसं डॉक्टरांसारखी वाकलेली. कार्यशाळेची प्रमुख दोनातेल्ला नावाची पिकल्या केसांची, किरकोळ बांध्याची बाई होती. तिनं आबांचा हात दोन्ही हातांत घेतला आणि पुष्कळ बोलली. "तुमी सोन्यातलं माणूस हायसा म्हणून तिला लय आनंद झालाय," क्रांतीनं सांगितलं. एवढ्यावरून एवढा आनंद? आबांनी मनात नोंद घेतली.

क्रांतीनं त्यांना आधी सोन्याचा वर्ख दाखवला. हवेनं थरथरणारा पापुद्रा. बोट लावलं तर बोटालाच चिकटून नाहीसा होणारा. तिनं एक चपटा कुंचला गालावरून फिरवला, गालाचं तेल त्याला लागलं, आणि त्या कुंचल्यानं वर्ख अलगद उचलून तिनं एका कोरीव चौकटीवर ठेवला. मग फुंकर घातली. आबा बघत होते. पोरीचा हात कापत नव्हता. वर्खाचे कण टेबलावर सांडत होते आणि तिकडं कुणाचं लक्ष नव्हतं, ना परात, ना झटकणं. आबांचा जीव वरखाली होऊ लागला.

शेजारच्या टेबलावर तिचं खरं काम होतं. फळीवर निळ्या झग्यातला देवदूत, मागं सगळी सोन्याची जमीन. ओल लागून जागोजाग सोनं उडालेलं. त्या रिकाम्या जागांत क्रांती बारीक कुंचल्यानं रेघा मारत होती, केसाएवढ्या, एकीला एक लागून. पिवळी, तांबडी, हिरवी. मागं सरकून बघितलं की तिथं सोनं दिसायचं.

"ह्ये काय भरतीयास?"

"रंग, आबा."

"आन सोनं?"

"चित्रातलं जुनं सोनं गेलंय तितं नवं सोनं भरत न्हाईत. रेघाच मारायच्या. त्याचं कारण आसं की..."

तेवढ्यात दोनातेल्लानं तिला हाक मारली आणि कारण तिथंच राहिलं. आबांच्या कानात मात्र शिसं ओतल्यासारखं झालं. चौकटीला वर्ख आणि देवाला रंग! म्हणजे देवाच्या चित्रासाठी आलेलं सोनं मधल्या मध्ये कुणीतरी खातंय, त्या जागी रंग फासला जातोय, आणि तो फासायला माझ्या पोरीचा हात वापरतायत. उद्या उघडकीला आलं की सही कुणाची? क्रांतीची. ज्या घरानं कधी पितळ सोनं म्हणून दिलं नाही, त्या घरची पोरगी खोटं सोनं काढत बसली होती आणि तिला त्याची गंधवार्ता नव्हती. त्यांना तिचा राग आला आणि तिची कीवही आली.

जेवणाच्या सुट्टीत सगळे मागच्या अंगणात निघाले. आबांनी भडंगाची पुडी दाखवली आणि आपण इथंच बसतो म्हणाले. क्रांतीनं दोनातेल्लाला विचारलं. तिनं हसून मान हलवली. एवढ्या मोलाच्या वस्तूंत परक्या माणसाला एकटं सोडून सगळे निघून गेले, आणि आबांना कळून चुकलं की हाही डाव आहे. काही नाहीसं झालं की आता बापलेकीवर ढकलायला सोपं. मग आपल्याकडंही पुरावा पाहिजे.

त्यांनी खिशातला रुमाल काढला, त्याला किंचित ओल लावली आणि जन्मभराच्या सवयीच्या हातानं चौकटीचं टेबल, मग चित्राचं टेबल, कडेकडेनं, कोपऱ्या-कोपऱ्यातून पुसून घेतलं. जे कण सांडले होते ते सगळे आले. टेबलावरच्या कागदांवरची आणि खालची धूळही त्यांनी टिपली. हे विट्याला न्यायचं, चुलतभावाच्या भट्टीत जाळायचं, खाली काय उरतं ते बघायचं. सोनं उरलं तर किती उरलं, आणि नाही उरलं तर मग बोलायलाच नको. त्यांनी रुमालाची गाठ मारली आणि कसोटीच्या दगडाशेजारी, आतल्या खिशात ठेवली. त्यांचे डोळे पिवळ्याला सरावलेले होते. बाकीचे रंग त्यांच्या लेखी केर.

माणसं परतली. क्रांती आपल्या टेबलाशी गेली, वाकली आणि तशीच राहिली. मग तिनं टेबलाखाली बघितलं. मग दिवा जवळ ओढला. तिचा चेहरा पांढराफटक पडलेला आबांना लांबून दिसला. ती दोनातेल्लाला काहीतरी म्हणाली, आणि त्या किरकोळ बाईनं हात वर करून सगळ्यांना जागच्या जागी थांबवलं. कुणी दार लावलं.

आबांना वाटलं, झालं. आपण म्हणत होतो तेच झालं. घट निघाली आणि आळ पोरीवर आला. ते तरातरा पुढं आले. "काय गेलं? माझ्या पोरीवर आळ घेतायसा? मी हाय हितं! तिनं काय न्हेलं न्हाई, सांग त्यास्नी!"

"आबा, हलू नका!" क्रांती ओरडली. "पाय उचलू नका, पायाखाली आसंल!"

"काय आसंल?"

"खपली. देवदूताच्या झग्याची निळी खपली. डाळीएवढी. सकाळी सुटून आलीती. परत चिकटवायची म्हणून मी कागदावर ठिवलीती, त्यो कागद झाकायचा ऱ्हायला." तिनं रिकामा कागद पुढं केला. "सहाशे वर्सं ऱ्हायली ती, आबा. माझ्या हातनं गेली."

"सोन्याची व्हती?"

"न्हाई वो. रंगाची. त्याला काय मोल न्हाई, पर तसली दुसरी न्हाई. आमाला नवी करता येत न्हाई. म्हणून तर त्या रेघा मारतो. कुनीबी जवळ येऊन बघितलं तर कळावं की हे आमचं हाय, त्यांचं न्हाई. कुनाला फसवायचं न्हाई म्हणून." हे सकाळचं राहिलेलं कारण होतं.

खोलीत सगळे पुतळ्यासारखे उभे होते. दोनातेल्लानं आधी स्वतःचा झगा काढला, खिसे उलटे केले, झगा पांढऱ्या कापडावर झटकला. मग एका हातानं टेबल धरून पायातले बूट काढले आणि तळवे वर करून सगळ्यांना दाखवले. प्रमुख बाई, सगळ्यांत आधी. त्यानंतर एकेकानं तसंच केलं. क्रांतीची पाळी आली तेव्हा तिचे हात थरथरत होते. सकाळी वर्ख उचलताना न थरथरलेले हात.

काखेत कळसा आणि गावाला वळसा, ही म्हण आबांनी आयुष्यात कित्येकांना ऐकवली होती. आता त्यांच्या काखेपाशी ती गाठ होती आणि ती त्यांना भट्टीतल्या निखाऱ्यासारखी जाणवत होती. पण आबा लगेच बोलले नाहीत. खरं सांगायचं तर त्यांच्या मनात हंबीरराव आले. आष्ट्याचं भरलेलं घर आलं. राहीबाईंचं "लय लांब गेली" आलं. आपण आता नुसतं गप्प बसायचं. हात लावायचा नाही, बोट उचलायचं नाही. खपली सापडणार नाही, कायमची जागा मिळणार नाही, आणि पोरगी आपल्याबरोबर विमानात बसेल. कुणालाही, अगदी तिलाही कधी कळणार नाही. ज्यासाठी आलो ते फुकटात होत होतं.

क्रांतीनं झगा झटकला. कापडावर काहीच पडलं नाही. ती बापाकडं बघत नव्हती. तिच्या मनात बापाबद्दल शंकासुद्धा आली नव्हती. एवढ्या वेळात तिनं सगळी जमीन, सगळे बूट, सगळे झगे शोधले आणि फक्त आपला बाप शोधला नाही. आबांना ते सहन झालं नाही.

ते दोनातेल्लापुढं जाऊन उभे राहिले. बंडीचे खिसे त्यांनी उलटे केले. भडंगाचे कण सांडले. आतल्या खिशातून दगड काढून टेबलावर ठेवला, गाठ मारलेला रुमाल दोनातेल्लाच्या शेजारच्या पांढऱ्या कापडावर ठेवला. मग दोन्ही हात बाजूला पसरून, मान खाली घालून ते तसेच उभे राहिले. दोनातेल्लाला काही कळेना. हा म्हातारा असा हात पसरून का उभा आहे, हे त्या खोलीत एकाच माणसाला कळलं. क्रांतीला. तिनं तोंडावर हात ठेवला.

"झटक," आबा तिला म्हणाले. "बघतीयास काय? मीच न्हेलं. झटक."

तिनं झटकलं. खांद्यापासून खाली, दोन्ही हातांनी, जसं ते गड्यांना झटकायचे तसं. ती रडत होती आणि तिला रागही आलेला होता, कारण झटकताना तिचे हात जोरात बसत होते.

गाठ सोडून दोनातेल्लानं भिंगाखाली चिमट्यानं कण कण बाजूला केला. वर्खाचे तुकडे, धूळ, भडंगाचा एक दाणा. आणि त्यात ती निळी खपली, एक कोपरा मोडलेली, पण होती. कुणीतरी मोठ्यानं श्वास सोडला. दोनातेल्ला बराच वेळ क्रांतीशी बोलली, शांतपणे, एकदाही आवाज न चढवता. कागद झाकला नाही ही क्रांतीची चूक होती आणि ती चूक तिच्या नावावर राहणार होती. तिची जागा राहणार होती. पण तिच्या वडलांनी या दाराच्या आत पुन्हा पाऊल टाकायचं नाही. क्रांतीनं हे सगळं बापाला शब्दाला शब्द सांगितलं, काही मऊ केलं नाही. आबांनी मान डोलावली. त्यांच्या दुकानात असं कुणी केलं असतं, तर त्यांनीही याहून कमी शिक्षा दिली नसती.

संध्याकाळ झाली. नदीच्या कठड्यापाशी दोघं उभी होती. पाणी गढूळ, कृष्णेसारखंच.

"इचारायचं व्हतं मला," ती शेवटी म्हणाली. "नुसतं इचारायचं व्हतं, आबा."

"मला इचारायची सवय न्हाई, बाळ," आबा म्हणाले. त्यांना खूप लाज वाटत होती आणि ती लपवायचा त्यांना कंटाळा आला होता. थोड्या वेळानं तिनं त्यांच्या पुडीतलं मूठभर भडंग घेतलं.

तेवढ्यात राहीबाईंचा फोन आला. त्या वाट बघून दमल्या होत्या. "आवं, हंबीररावांचा परत निरोप आल्ता. काय सांगू?"

"न्हाई म्हनून सांग. ती हितंच ऱ्हानार."

"आँ? म्हंजी काम खरं हाय?"

"हाय."

"नीट बघितलंसा न्हवं? घासून बघितलंसा?"

आबांनी छातीवर हात नेला. खिसा रिकामा होता. दगड कार्यशाळेच्या टेबलावर राहिला होता आणि दिवसभरात त्यांना त्याची आठवणच झाली नव्हती.

"न्हाई," ते म्हणाले. "न्हाई घासून बघितलं."

पलीकडं राहीबाई गप्प झाल्या. इतका वेळ गप्प राहिल्या की आबांना वाटलं, फोन तुटला. मग त्यांचा आवाज आला, बारीक आणि सावध.

"कोण बोलतंय?"